हॉगवर्ट्सलाही गृहपाठ चुकला नाही

हॅरी पॉटरची सातही पुस्तकं वाचून कपाटात गेली, पुन्हा खाली आली, पुन्हा वाचून झाली. तरी एक प्रश्न काही डोक्यातून जात नाही. जादूच्या शाळेत अभ्यास कशाला लागतो?

म्हणजे बघा ना मंडळी. या लोकांना छडी फिरवून उंदराची तपकिरीची डबी करता येते. हातातली हाडं गायब झाली तर औषध पाजून ती एका रात्रीत परत उगवता येतात. शेकोटीत चिमूटभर पूड टाकली की माणूस इकडून गायब, तिकडे हजर. आणि याच शाळेत पोरं मात्र रात्र-रात्र जागून निबंध लिहितायत, तेही चर्मपत्रावर, आणि त्याची लांबी इंचांत मोजून! पाचव्या वर्षी 'आऊल', सातव्या वर्षी 'न्यूट'. म्हणजे चक्क आपली दहावी-बारावी. परीक्षेच्या आधी रडारड, चक्कर, तुसडेपणा, सगळं साग्रसंगीत.

अरे, मग एक साधा मंत्र का नाही? छडी कपाळाला टेकवली, 'भूगोल' म्हटलं, की आला भूगोल. विषय संपला.

पहिल्यांदा वाटलं, ही लेखिकेची सोय असणार. शाळा नसेल तर गोष्ट कुठून येणार? ते खरंच आहे. पण नीट बघितलं तर रोलिंगबाई ही पळवाट जागोजागी बंद करत गेल्यायत असं दिसतं.

सगळ्यात भारी उदाहरण हर्मायनीचं. तिसऱ्या पुस्तकात (१९९९) तिने एवढे विषय घेतलेले असतात की एकाच वेळी दोन-दोन तास असतात. वर्गातली सगळ्यात हुशार मुलगी, शाळेचा तिच्यावर पूर्ण भरवसा, आणि मॅकगोनागलबाई थेट मंत्रालयाकडून परवानगी मिळवून तिच्यासाठी जादूची वस्तू आणतात. कुठली? टाईम-टर्नर. काळ मागे नेणारं घड्याळ. म्हणजे जादूच्या दुनियेने आपल्या सर्वोत्तम विद्यार्थिनीला काय दिलं, तर जादा तास! ज्ञान नाही दिलं. काळाला वळवणं त्यांना जमलं, पण अंकशास्त्राचं एक प्रकरण डोक्यात उतरवणं नाही जमलं. आणि एवढं करूनही वर्षाच्या शेवटी ती पार पिळून निघते, विषय सोडते आणि घड्याळ परत करते.

चौथ्या पुस्तकात ड्रॅगनशी गाठ असते. हॅरीला वस्तू लांबून बोलावण्याचा मंत्र यायला हवा. जीवन-मरणाचा प्रश्न आहे, शेजारी हर्मायनी आहे, तिला तो मंत्र उत्तम येतो. ती काय करते? रात्री दोन वाजेपर्यंत त्याच्याकडून घोटून घेते. दुसरा मार्गच नाही.

पाचव्यात तर मजाच आहे. 'आऊल' जवळ आल्यावर पोरांमध्ये बुद्धिवर्धक औषधांचा काळा बाजार सुरू होतो. 'बरुफिओचं ब्रेन एलिक्सिर', ड्रॅगनच्या नखांची पूड वगैरे. हर्मायनी ते सगळं जप्त करते, आणि ती नखांची पूड म्हणजे दुसऱ्याच एका उपद्रवी प्राण्याची वाळलेली विष्ठा निघते. आमच्या दहावीला ब्राह्मी, शंखपुष्पी आणि भिजवलेले बदाम असायचे. बदाम निदान चवीला तरी बरे होते :)

असो. इथपर्यंत ठीक आहे. म्हटलं, मनापर्यंत पोचायची सोयच नसेल त्यांच्याकडे. पण तसंही नाही. आणि इथे माझ्यातला प्रोग्रॅमर जागा झाला.

आमच्या धंद्यात डेटाबेस शिकवताना चार क्रिया पहिल्या दिवशी शिकवतात. नवीन नोंद घालणे, वाचणे, बदलणे, पुसणे. क्रिएट, रीड, अपडेट, डिलीट. या चार जमल्या की बाकी सगळं त्यांच्यावरच चालतं. तर जादूगारांना माणसाच्या मनावर यातल्या किती क्रिया करता येतात?

पुसणे: येतं. लॉकहार्ट हा मास्तर तर तेवढ्या एका मंत्रावर जगतो. लोकांच्या पराक्रमाच्या आठवणी पुसायच्या आणि ते पराक्रम आपल्या नावावर पुस्तकात छापायचे.

वाचणे: येतं. स्नेप समोरच्याच्या मनात शिरून त्याच्या आठवणी बघू शकतो.

बदलणे: येतं. शेवटच्या पुस्तकात (२००७) हर्मायनी स्वतःच्या आईवडलांच्या आठवणी बदलते. आपल्याला मुलगी आहे हेच ते विसरतात आणि ऑस्ट्रेलियाला राहायला जातात.

नवीन घालणे: तेही येतं! व्होल्डेमॉर्ट स्वतःच्या मामाच्या डोक्यात न केलेल्या खुनाची आठवण घालतो, आणि तो बिचारा मामा गुन्हा कबूल करून तुरुंगात जातो.

म्हणजे चारही क्रिया चालू आहेत, सगळ्या परवानग्या आहेत. तरीही शिकवण्यासाठी यातलं काहीही कोणी वापरत नाही. का?

तर याचं उत्तर मला त्याच पाचव्या पुस्तकातल्या स्नेपच्या शिकवणीत सापडलं. संध्याकाळी हॅरी त्याच्याकडे मन बंद ठेवायला शिकायला जातो. आता विचार करा, याहून थेट शिकवणी असू शकते का? मास्तर विद्यार्थ्याच्या मनात अक्षरशः आत शिरतोय. आणि नेमका त्याच वर्गात हॅरी सपशेल नापास होतो. कारण स्नेप आत शिरून बघतो, ओरडतो, चुका दाखवतो, पण हे करायचं कसं ते काही सांगत नाही. ते हॅरीचं हॅरीनेच करायचं. त्याच वर्षी हॅरी स्वतः एका रिकाम्या खोलीत पोरांना जमवून स्वसंरक्षण शिकवतो. ती खोली मागाल ते देणारी. तिने उशा दिल्या, पुस्तकं दिली, शिट्टी दिली. ज्ञान तेवढं दिलं नाही. तिथे हॅरी पोरांच्या जोड्या लावतो, एकेकापाशी जाऊन हात कसा धरायचा ते दाखवतो, पुन्हा करा म्हणतो. आणि नेव्हिलसारख्या मुलालासुद्धा जमायला लागतं.

मनात शिरणं वेगळं आणि शिकवणं वेगळं, हे एवढ्या सोप्या भाषेत मला तरी दुसऱ्या कोणी सांगितलेलं नाही.

आता तुम्ही म्हणाल, अपवाद आहे की. सापांची भाषा! हॅरी ती कधी शिकला नाही, तरी त्याला ती येते. बरोबर. सात पुस्तकांत ज्ञान थेट मनात आल्याचं ठळक उदाहरण हेच. पण ते कसं आलं ते बघा. व्होल्डेमॉर्टच्या आत्म्याचा एक तुकडा हॅरीत अडकला, त्याच्याबरोबर ही भाषा आली. आणि हॅरीला ती येते म्हणजे कशी येते? आपण ती बोलतोय हे त्याचं त्याला कळत नाही. समोर साप नसला तर बोलता येत नाही. तळघराच्या नळावर कोरलेला साप जिवंत आहे असं मनाशी धरून बघितल्यावर कुठे ती भाषा तोंडातून येते. दुसऱ्याला शिकवणं तर लांबच. आणि गंमत म्हणजे शेवटच्या पुस्तकात तेच तळघर रॉन उघडतो. हॅरीच्या तोंडून ऐकलेल्या फुस्कारण्याची नक्कल करून, चार-दोनदा फसून. रॉनला भाषा येत नाही, पण एक शब्द मात्र त्याचा स्वतःचा आहे.

थेट आलेल्या गोष्टीत अजून एक भानगड असते. ती खरी की खोटी हे तपासायचं कसं? व्होल्डेमॉर्ट हॅरीच्या मनात दृश्य घालतो, सिरियसला पकडून त्याचा छळ चाललाय म्हणून. हॅरीला ते स्वतः बघितल्यासारखं वाटतं. तो धावत जातो. ते दृश्य खोटं असतं, आणि त्या पायी सिरियस खरोखर मरतो. पुस्तकात वाचलेल्या गोष्टीवर आपण 'हॅ, काहीतरीच' म्हणू शकतो. मनात परस्पर उगवलेल्या गोष्टीवर कोण शंका घेणार?

हा प्रश्न फक्त हॉगवर्ट्सचा नाही. १९९९ च्याच 'मेट्रिक्स' सिनेमात निओच्या डोक्यात मागून वायर खुपसतात आणि दहा तास एकामागून एक युद्धकला भरतात. आमच्या हॉस्टेलवर तो सीन बघून पोरं वेडी झाली होती. सेमिस्टरच्या आदल्या रात्री तर प्रत्येकाला ती वायर हवी असायची. पण पुढचा सीन कोणाच्या लक्षात राहत नाही. सगळं भरून झाल्यावर निओ मॉर्फियसशी लढतो आणि मार खातो. मग एका इमारतीवरून दुसरीवर उडी मारायची असते, तर धप्पकन खाली पडतो. फाईल डोक्यात आहे, पण ती वापरायचा विश्वास कुठून आणणार? तो कुठल्या कॅसेटमध्ये मिळतो?

कॅसेटवरून आठवलं, आयझॅक असिमोव्हची 'प्रोफेशन' नावाची गोष्ट आहे, १९५७ ची. मिळाली तर जरूर वाचा. त्यात आठव्या वर्षी प्रत्येक मुलाच्या मेंदूत मशीनने वाचन भरतात आणि अठराव्या वर्षी अख्खा व्यवसाय. सकाळी गेलात, संध्याकाळी धातुतज्ज्ञ होऊन बाहेर. जॉर्ज नावाच्या पोराला सांगतात, तुझा मेंदू टेपला योग्य नाही, आणि त्याला एका संस्थेत ठेवतात. तो बिचारा स्वतःला मंदबुद्धी समजून तळमळत राहतो. पुढे कळतं की ती संस्था मंदबुद्धींची नाहीच. ती नवीन टेप तयार करणाऱ्यांची आहे! कारण ज्यांना सगळं टेपवरून मिळालं ते टेपच्या पलीकडे एक पाऊल टाकू शकत नाहीत. जॉर्जचा मित्र स्पर्धेत हरतो तो एवढ्यासाठीच, की त्याच्या टेपमध्ये नव्या मॉडेलचं उपकरण नव्हतं. पुस्तक उघडून शिकून घे की, असं जॉर्ज म्हणतो. मित्राला ही कल्पनाच कळत नाही.

आज या गोष्टीवर आमच्या क्षेत्रातला कोणीही गार पडेल. नवीन फ्रेमवर्क आलं की 'ट्रेनिंग कधी आहे?' विचारणारे आपण सगळे ओळखतो.

बरं, हे सगळे लेखक-दिग्दर्शकांचे खेळ. शास्त्रज्ञांनी प्रयत्न केला नाही का? केला की! १९६० च्या दशकात अमेरिकेत मॅककॉनेल नावाच्या शास्त्रज्ञाने चपट्या कृमींना उजेड पडला की आकसायला शिकवलं, मग त्यांचे तुकडे करून दुसऱ्या कृमींना खाऊ घातले. खाणारे कृमी लवकर शिकतात, असा त्याचा दावा होता. प्रोफेसर खाऊन पदवी! पण इतरांना तो प्रयोग खात्रीने जमेना आणि प्रकरण बारगळलं. मग २०१८ साली ग्लान्झमन यांच्या प्रयोगशाळेने शॉक दिलेल्या समुद्री गोगलगायींमधलं आरएनए काढून दुसऱ्या गोगलगायींना टोचलं, तर त्याही शॉक बसल्यासारख्या जास्त वेळ अंग आक्रसून घ्यायला लागल्या. त्याचा अर्थ काय यावर वाद आहेत. पण समजा खरं धरलं, तरी पोचलं काय? भीती. पाढे नाहीत.

आणि माणसाचं? २०२४ च्या जानेवारीत न्यूरालिंकने पहिल्यांदा माणसाच्या मेंदूत आपली चिप बसवली. पण ती मेंदूतले संकेत बाहेर वाचते, माणूस नुसत्या विचाराने माऊस हलवतो. आत ज्ञान ओतत नाही. आत ओतणारं यंत्र म्हणाल तर ते कधीचंच आहे. कॉक्लिअर इम्प्लांट. ते आवाजाचे संकेत थेट श्रवणाच्या नसेला देतं. तरीसुद्धा ते बसवल्यावर महिनोन् महिने ऐकायला शिकावं लागतं. हा दरवाजा, ही शिट्टी, हा आईचा आवाज. थेट नसेत तार जोडली तरी शाळा सुटत नाही.

याचं कारण मला आमच्याच कामात दिसतं. हल्ली जी एआय मॉडेलं येतात, त्यांचं 'ज्ञान' म्हणजे शेवटी आकड्यांची एक फाईल असते. सातशे कोटी आकड्यांचं मॉडेल साधारण १४ जीबीत बसतं. पेनड्राईव्हवर घ्या, दुसऱ्या मशीनवर टाका, झालं. महिन्यांची मेहनत दहा मिनिटांत कॉपी. म्हणजे आपल्याला हवा तो मंत्र यंत्रांना मिळाला की! पण थांबा. ही कॉपी कधी चालते? समोरच्या मॉडेलची रचना हुबेहूब तशीच असेल तरच. रचना वेगळी, थर कमी-जास्त, तर ते आकडे म्हणजे कचरा. मग काय करतात? मोठं मॉडेल उत्तरं देतं, छोटं मॉडेल ती बघून सराव करतं. २०१५ साली हिंटन आणि सहकाऱ्यांनी ही पद्धत मांडली, आणि तिच्यात त्या दोघांना म्हणतातच टीचर आणि स्टुडंट. म्हणजे मेंदू वेगळे झाले रे झाले, की यंत्रांनासुद्धा वर्ग भरवावा लागतो!

माणसाच्या मेंदूत सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी असतात, आणि त्यांची जोडणी प्रत्येकाच्या आयुष्याने वेगळी केलेली असते. 'समुद्र' हा शब्द माझ्या डोक्यात श्रीवर्धनच्या सहलीला चिकटलेला आहे, तुमच्या डोक्यात आणखी कशाला. दोन माणसांची रचना हुबेहूब सारखी नसतेच, तर कॉपी-पेस्ट करणार कशावर?

आमच्याकडे एक मंत्र मात्र रोज म्हटला जातो. केटी. नॉलेज ट्रान्सफर! नावातच बघा कसा रुबाब आहे, जणू पाण्याची टाकी उपसून दुसरीत भरायची.

आमच्या प्रोजेक्टवर एक सिनिअर होते. अख्खी टीम त्यांना काका म्हणायची. रात्री चालणारी हिशेबांची एक सिस्टीम त्यांनी १४ वर्षं सांभाळली होती. ते निवृत्त होणार म्हटल्यावर रीतसर केटी ठरली, दोन आठवडे. काकांनी मनापासून केलं. १४० पानांचं डॉक्युमेंट, वीसेक तासांचं रेकॉर्डिंग, प्रत्येक एररचं कारण आणि उपाय. शेवटच्या दिवशी केक कापला, चेकलिस्टवर 'पूर्ण' असा शिक्का बसला.

पुढच्याच महिनाअखेरीला सिस्टीम अडली. डॉक्युमेंट उघडलं, रेकॉर्डिंग ऐकलं, लॉग चाळले. काही नाही. पहाटे साडेतीनला मला आठवलं, की काका सकाळी आल्यावर, चहा घ्यायच्याही आधी, एक फोल्डर उघडायचे आणि फाईलींच्या आकाराकडे नुसती नजर टाकायचे. मी त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर दोन वर्षं बसत होतो, म्हणून मला ते दिसलेलं. उघडून बघितलं, तर एक फाईल रोजच्या निम्मी. पलीकडून अर्धवट आली होती, आणि आमचा प्रोग्रॅम शहाण्यासारखा अर्धीच वाचून गप्प बसला होता.

दुसऱ्या दिवशी काकांना फोन केला. म्हटलं, "काका, हे डॉक्युमेंटमध्ये नव्हतं हो." ते म्हणाले, "अरे, मी असं करतो हे मला आत्ता तुझ्याकडून कळतंय."

मायकेल पोलान्यी या विचारवंताने १९६६ साली यावर एक पुस्तकच लिहिलंय. माणसाला जेवढं येतं तेवढं त्याला शब्दांत मांडता येत नाही, असा त्याचा मुद्दा. काकांनी काही लपवलं नव्हतं. सांगण्यासारखं होतं ते सगळं दिलं होतं. जे राहिलं ते शेजारच्या खुर्चीवर होतं.

इथपर्यंत हा विषय माझ्यासाठी चहाच्या टेबलावरचा होता. गेल्या दीड वर्षात तो तसा राहिलेला नाही.

माझे बाबा एसटीच्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक होते. ३१ वर्षं. लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक इंजिनाला लावायचे, मूठ कानाला, आणि डोळे मिटून ऐकायचे. कुठला बेअरिंग गेलाय ते सांगायचे. आम्ही लहानपणी त्यांना इंजिनाचे डॉक्टर म्हणायचो. मला त्यांनी त्यातलं काही शिकवलं नाही. हात काळे करायला मी आहे, तू पुस्तकं काळी कर, असं म्हणायचे.

दीड वर्षापूर्वी त्यांना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू आणि वाचा गेली. उजवा पाय सावकाश परत आला, वाचा नाही. डॉक्टर त्याला अफेजिया म्हणतात. त्यांना आपण बोललेलं बरंचसं कळतं. काय म्हणायचंय तेही आत आहे, हे डोळ्यांत दिसतं. पण शब्दच सापडत नाही. पाणी हवं असेल तर 'गाडी' म्हणतात, आणि चुकलं हे कळून स्वतःवरच चिडतात. पहिल्या महिन्यांत रात्री त्यांच्या उशाशी बसलं की मला डंबलडोरचं ते दगडी भांडं आठवायचं, कपाळातून आठवण काढून ठेवायचं. ते कोणी विकायला काढलं असतं, तर मी घराचं कर्ज वाढवून घेतलं असतं. ३१ वर्षं आत बंद आहेत, आणि दाराला कडी नाही.

आमच्या सातारच्या घरी त्यांची जुनी स्प्लेंडर आहे. दिवाळीत गेलो तेव्हा सुरू केली, तर वरून टक-टक-टक. बाबा ओसरीवर बसले होते. त्यांनी मान वर केली, डावा हात हवेत हलवला. 'गाडी, गाडी' म्हणाले. या वेळी शब्द बरोबर होता.

गाडी गार होऊ दिली. मग त्यांनी बोट दाखवायचं, मी पाना उचलायचा. चुकीचा उचलला की मान हलवायची. टॅपेट सेट करायचं असतं तेव्हा मध्ये फीलर गेज म्हणून एक पातळ पत्री घालतात आणि स्क्रू आवळतात. पत्री अडकता कामा नये आणि सैलही फिरता कामा नये. किंचित धरल्यासारखी सरकली पाहिजे. हे 'किंचित' म्हणजे किती? मोबाईलवर तीन व्हिडिओ बघितले. तिन्हींत तेच, 'थोडासा ड्रॅग'. मी लावून दाखवलं, बाबांनी मान हलवली. परत लावलं, परत मान. पाचव्या-सहाव्या वेळेला त्यांनी डावा हात पुढे केला, माझी बोटं आपल्या बोटांत धरली आणि ती पत्री माझ्याच हाताने हळूच ओढली.

ते 'किंचित' मला तेव्हा कळलं. इथे लिहून तुम्हाला सांगता येणार नाही. बोटांत आहे.

गाडी सुरू केली, टक-टक गेली होती. मी मोठा स्क्रूड्रायव्हर आणून त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो स्वतःच्या कानाला नाही लावला. माझ्या लावला. मला सगळाच आवाज एकसारखा वाटला, खरं सांगतो. आता महिन्यातून दोन शनिवार सातारला जातो. बाबा कुठल्या तरी भागावर टोक टेकवतात, मी ऐकतो, बोट दाखवतो, ते बहुतेक वेळा मान हलवतात. ३१ वर्षांतलं किती माझ्यात येईल? फार थोडं येईल. पण या शिकवणीला त्यांना शब्द लागत नाहीत, आणि त्या दोन तासांत ते एकदाही चिडत नाहीत.

पैठणची गोष्ट आपण सगळ्यांनीच लहानपणी ऐकलेली आहे. ज्ञानेश्वरांनी रेड्याच्या पाठीवर हात ठेवला आणि रेडा वेद म्हणायला लागला. त्या रेड्याची समाधी आळ्याला आहे. आळेफाट्याहून जाता-येता पाटी दिसते. आपल्या मातीतली ज्ञान थेट मनात उतरवण्याची कथा हीच, आणि तिच्यापुढे हॉगवर्ट्स फिकं आहे.

ती आख्यायिका आहे, आणि चमत्कार झाला की नाही या वादात मला शिरायचं नाही. मला वेगळीच गोष्ट नवलाची वाटते. ज्याच्याबद्दल लोक म्हणतात की नुसता हात ठेवून रेड्याच्या मुखी वेद आणले, त्या मुलाने माणसांसाठी काय केलं? सरळ सगळ्यांच्या डोक्यावर हात नाही ठेवला. नेवाशाला बसला आणि गीता मराठीत समजावून सांगितली. साधारण नऊ हजार ओव्या. १२९० साली, वय पंधरा-सोळा. एक मुद्दा सांगायचा, मग त्याला दृष्टांत, तो नाही पटला तर दुसरा, मग तिसरा. समोरच्याला कळेपर्यंत.

सोमवारी आमच्या टीममध्ये दोन नवीन मुलं येतायत. कॅम्पसमधून थेट. मॅनेजरने त्यांच्या केटीसाठी चार दिवस लिहिलेत, आणि बाकीचं एआयला विचारतील म्हणाला. मी काही वाद घातला नाही. फक्त ॲडमिनला सांगून माझ्या डेस्कपाशी दोन खुर्च्या जास्तीच्या मागवल्यात.